मावशीच्या सुपातला तांदूळ

(दृश्य : करवीर तालुक्यातलं एक घर. सोप्यात सकाळचं ऊन. सूप, शेजारी पितळी वाटी.)

रेशनचा तांदूळ सुपात घेऊन मावशी बसली आहे. माझी सख्खी मावशी. चष्मा लागून वीस वर्षं झाली, पण तांदूळ निवडताना तो कपाळावर असतो. बोटांनाच कळतं. खडा निघतो, टरफलासकट राहिलेलं एखादं भात निघतं. आणि मधूनच एक दाणा ती उचलते आणि वाटीत टाकते.

कॅमेरा जरा जवळ नेऊ. हा दाणा बाकीच्यांपेक्षा मळकट आहे, त्यातून उजेड आरपार जात नाही. धुताना कधी कधी पाण्यावर तरंगतो.

“प्लास्टिकचा हाय,” मावशी म्हणते. “समद्या गल्लीला ठावं हाय.”

प्लास्टिकचा नाही. तांदळाच्याच पिठात लोह, फॉलिक ॲसिड आणि बी-१२ जीवनसत्त्व मिसळायचं, सोऱ्यातून शेव पाडावी तसं ते यंत्रातून दाबून काढायचं, तांदळाएवढं कापायचं, वाळवायचं. असे दाणे साधारण शंभर किलो तांदळात एक किलो मिसळतात. रेशन, अंगणवाडी आणि शाळा, सगळीकडे २०२४ पर्यंत हाच तांदूळ जाईल, अशी घोषणा पंतप्रधानांनी १५ ऑगस्ट २०२१ रोजी लाल किल्ल्यावरून केली होती. पोत्यावर त्याची ‘+एफ’ अशी खूणही असते. पण मावशीच्या घरात पोतं येत नाही. येते ती पिशवी, दुकानातल्या काट्यावर भरलेली.

सरकारने शंभरात एक घालायचा आणि मावशीने तो नेमका वेचून काढायचा, असा हा खेळ चालू आहे.

(दृश्य : गिरणीत पॉलिश होणारा तांदूळ. खाली कोंड्याचा ढीग.)

हा दाणा कुठून आला ते बघायला थोडं मागे जावं लागेल. १८९०च्या दशकात जावा बेटावर आइकमान नावाच्या डच डॉक्टरला दिसलं की दवाखान्याच्या आवारातल्या कोंबड्या झोकांड्या खातायत. त्यांना रुग्णांचा उरलेला पांढराशुभ्र भात घातला जात होता. साधा, कोंड्याचा तांदूळ मिळू लागला तशा त्या उठून चालायला लागल्या. माणसांना होणारा बेरीबेरी हा आजार याच जातीचा निघाला. पॉलिश करताना कोंड्याबरोबर बी-१ जीवनसत्त्व निघून जात होतं.

भारतात या आजाराचा माग काढायला १९१८ साली तमिळनाडूतल्या कुन्नूरला एका खोलीत प्रयोगशाळा सुरू झाली, रॉबर्ट मॅककॅरिसन या ब्रिटिश डॉक्टरच्या हाताखाली. ती खोली वाढत वाढत १९५८ मध्ये हैदराबादला गेली आणि १९६९ पासून राष्ट्रीय पोषण संस्था म्हणून ओळखली जाते. आपण रोज खातो त्या पदार्थांत काय किती आहे, याचे तक्ते तिथेच तयार होतात. मॅककॅरिसनने उंदरांना भारतातल्या वेगवेगळ्या लोकांचं जेवण घालून पाहिलं होतं. शिखांच्या जेवणावरचे उंदीर सगळ्यांत धडधाकट निघाले, त्यांच्यामागे पठाणांचे, आणि तिसरा नंबर मराठ्यांच्या जेवणाचा. आपल्याकडे हे कुणी फारसं सांगत नाही. पहिला नंबर आला असता तर चौकात फलक लागला असता.

आता घाट उतरून बघा. गगनबावड्याखाली कोकणात उकडा तांदूळ खातात. भात टरफलासकट उकडलं की कोंड्यातली जीवनसत्त्वं दाण्याच्या आत शिरतात आणि मग गिरणीने कितीही घासलं तरी बरीचशी आतच राहतात. कुन्नूरच्या प्रयोगशाळेआधीपासून हे चाललेलं आहे. आम्ही घाटावरची माणसं मात्र पांढऱ्या भाताच्या नादी लागलो. यंत्राने काढून घ्यायचं आणि दुसऱ्या यंत्राने परत घालायचं, असा हा व्यवहार आहे.

(दृश्य : मिठाची पिशवी, त्यावर हसरा सूर्य.)

मिठाचं मात्र जमलं. आयोडीन कमी पडलं की गलगंड होतो आणि पोटातल्या बाळाच्या मेंदूची वाढ अडते. हिमाचलच्या कांगडा खोऱ्यात १९५६ पासून मिठात आयोडीन घालून पाहिलं, गलगंड कमी झाले, आणि १९६२ मध्ये देशभराचा कार्यक्रम सुरू झाला. साध्या, बिनआयोडीनच्या मिठाच्या विक्रीवर आलेली बंदी २००० साली उठवली गेली, २००६ मध्ये परत आली. मावशीने यातलं काही ऐकलेलं नाही. तिच्या डब्यात आयोडीनचं मीठ आहे. मीठ निवडायला कुणी सुपात घेत नाही, एवढंच.

(दृश्य : जिल्हा परिषदेची शाळा. खिचडीचं पातेलं.)

शाळेत शंभर मुलं जेवणार असतील तर या पातेल्यात दहा किलो तांदूळ, दोन किलो डाळ, पाच किलो भाजी आणि अर्धा किलो तेल पडायला हवं. पहिली ते पाचवीच्या मुलामागे १०० ग्रॅम तांदूळ, २० ग्रॅम डाळ, म्हणजे ४५० कॅलरी आणि १२ ग्रॅम प्रथिनं. स्वयंपाक करणाऱ्या बाईंना कॅलरी माहीत नाही, वाटी माहीत आहे. पण त्या वाटीमागे मोठी भांडणं झालेली आहेत.

त्यातल्या एका भांडणात आपल्या शेजारचा माणूस होता. पांडुरंग सुखात्मे, सातारा जिल्ह्यातल्या बुध गावचे. संख्याशास्त्रज्ञ, रोमला जागतिक अन्न व कृषी संघटनेत वर्षानुवर्षं आकडेवारीचे प्रमुख. गरीब देशांत प्रथिनांचा तुटवडा आहे, म्हणून प्रथिनांच्या खास भुकट्या बनवा, असं जगभर चाललं असताना ते म्हणाले, माणसाला आधी पोटभर जेवण मिळू दे, नेहमीच्या डाळ-भाकरीतून प्रथिनं आपोआप येतील. हैदराबादच्या संस्थेतले सी. गोपालन हेही मुलांवरच्या अभ्यासातून तिथेच पोचले होते. इथवर जोडी जमली. पुढे सुखात्मे म्हणू लागले की शरीर कमी खाण्याशी जुळवून घेतं, त्यामुळे कमी खाणारा प्रत्येकजण कुपोषित धरू नका. गोपालन यांना हे अजिबात मान्य नव्हतं. जुळवून घेतलेलं शरीर म्हणजे खुंटलेलं शरीर, असं त्यांचं म्हणणं. देशात उपाशी किती हे या वादावर ठरत होतं, म्हणून तो साधा नव्हता. मला विचाराल तर मी गोपालन यांच्या बाजूचा. २०१९ ते २१च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रातली पाच वर्षांखालची ३५ टक्के मुलं वयाच्या मानाने बुटकी आढळली. त्यांनी जुळवूनच घेतलंय.

आणि अंडं? नोव्हेंबर २०२३ मध्ये राज्याने आठवड्यातून एक अंडं द्यायचं ठरवलं. नको असेल त्याला केळं. एका अंड्यात सहा ग्रॅम प्रथिनं, म्हणजे १२ ग्रॅमचा निम्मा हिशेब तिथेच मिटतो. जानेवारी २०२५ मध्ये सांगण्यात आलं की अंड्यासाठी वेगळा पैसा मिळणार नाही, लोकसहभागातून बघा. तांबडा-पांढऱ्याच्या जिल्ह्यात अंड्यासाठी वर्गणी!

(दृश्य : गंगावेस, पहाट. म्हशीची धार, फेसाळ पेला.)

कोल्हापूरला खाण्यापिण्याचं कुणी शिकवू नये, असं आम्हाला वाटतं. गंगावेशीच्या दूध कट्ट्यावर समोर म्हैस पिळून धारोष्ण दूध मिळतं, तालमीतला पोरगा एका दमात लोटा संपवतो. फक्त तिथं उभ्या गर्दीत बायका किती, तेवढं मोजा. त्याच कुटुंब आरोग्य पाहणीत राज्यातल्या १५ ते ४९ वयाच्या ५४ टक्के बायकांच्या अंगात रक्त कमी आढळलं.

(दृश्य : शेंडा पार्क. नाचणीचं रान.)

हे शहरातलंच शेंडा पार्क. इथल्या सरकारी कृषी संशोधन केंद्राने नाचणीचे वाण दिलेत. एकाचं नाव फुले नाचणी, दुसऱ्याचं फुले कासारी. कासारी म्हणजे पंचगंगेला मिळणारी आपली नदी. शंभर ग्रॅम नाचणीत साडेतीनशे मिलिग्रॅमच्या आसपास कॅल्शियम असतं, पांढऱ्या तांदळात जेमतेम दहा. शाहूवाडी, गगनबावड्याच्या उतारावर ती पिकते. एक सरकारी खातं नाचणीचं बियाणं सुधारतं, दुसऱ्याने तांदळात लोह घालून वाटलं, आणि दोघांची गाठ मावशीच्या चुलीवर काही पडत नाही. नाचणी हा लोहावरचा उपाय नव्हे, हेही खरं. पण सोप्यात बसून तिला भाकरी थापताना बघितलं की वाटतं, हिला नाचणी समजावून सांगावी लागणार नाही.

तांदळातल्या लोहावर शास्त्रज्ञांचंही एकमत नाही. थॅलेसेमिया, सिकलसेल हे रक्ताचे आजार असलेल्यांनी ते खावं का, गोळी बरी की दाणा, हे वाद चालू आहेत. चालू द्या. पण वाद घालायलासुद्धा आधी दाणा काय आहे ते कळावं लागतं. मे २०२४ मध्ये राष्ट्रीय पोषण संस्थेने आहाराची १७ सूत्रं नव्याने काढली. जेवणाच्या आधी-नंतर तासभर चहा नको, लोह अंगी लागत नाही, हे त्यासोबतच सांगितलेलं आहे. मावशी जेवण झालं की पहिला चहा टाकते.

(दृश्य : परत सोपा. सूप रिकामं, वाटी अर्धी भरलेली.)

मी तिला सगळं सांगितलं. पीठ, लोह, यंत्र, शंभरात एक. तिने ऐकून घेतलं.

“मग दुकानदार का न्हाई सांगत?”

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. ती वाटी घेऊन उठली, मागच्या दारी गेली.

“आधी कोंबड्यांस्नी घालून बघतो. चार दिस काय झालं न्हाई, तर मग आपुन.”

(दृश्य : परसू. दाणे मातीवर पडतात. कोंबड्या पळत येतात.)