गर्दीच्या मनाचा नकाशा

नमस्कार मंडळी. परवा घरी येताना मोठ्या रस्त्यावर ट्रॅफिक होतं, मोबाईलने बाजूची एक गल्ली दाखवली म्हणून आत शिरलो, तर तिथे माझ्यासारखेच पन्नासेक जण, सगळ्यांना मोबाईलने तीच गल्ली दाखवलेली, मधे एक टेम्पो आडवा आणि मागून हॉर्नवर हॉर्न. वीस मिनिटं तिथेच. आणि तिथे बसल्या बसल्या मला हॅरी सेल्डन आठवला.

सेल्डन खरा माणूस नाही बरं का, अमेरिकन विज्ञानकथालेखक आयझॅक असिमोव्हच्या 'फाउंडेशन' कथांमधला गणिती आहे. सगळ्या आकाशगंगेवर एकच साम्राज्य, वस्तीचे ग्रह अडीच कोटी, आणि हा माणूस सायकोहिस्टरी नावाचं शास्त्र उभं करतो, आपण मनोइतिहास म्हणूया. एकट्यादुकट्याचं नाही तर अफाट गर्दीचं मन कुठे वळणार याचं गणित. पुढे त्यात एक यंत्र येतं, प्राइम रेडियंट, ते चालू केलं की खोलीच्या भिंतींवर समीकरणंच समीकरणं उमटतात. कोट्यवधी लोकांच्या मनाचा नकाशा भिंतीवर! मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा पुस्तक मिटून बराच वेळ नुसता बसलो होतो.

असिमोव्हला हे सुचलं १९४१ च्या ऑगस्टमध्ये, न्यूयॉर्कच्या भुयारी रेल्वेत. वय २१, विज्ञानकथांच्या मासिकाचा संपादक जॉन कॅम्पबेलला भेटायला निघालेला आणि डोक्यात गोष्टच नाही, मग हातातलं पुस्तक कुठेतरी उघडलं, त्यातल्या चित्रावरून सैनिक, सैनिकांवरून साम्राज्य, साम्राज्यावरून रोमचा ऱ्हास असं करत करत विचार पोचला. पोरगा केमिस्ट्रीचा, त्यामुळे त्याला वायू आठवले. आता आपला कुकर घ्या, आतला वाफेचा एकेक रेणू कुठे धडकणार हे ब्रह्मदेवालाही सांगता येणार नाही, पण शिट्टी कधी होणार हे आईला बाहेरच्या खोलीत बसूनही कळतं. माणसांचंही तसंच असलं तर? एवढीच ती कल्पना.

पण दोन अटी आहेत. माणसं प्रचंड संख्येने हवीत, आणि भाकीत काय आहे हे त्यांना कळता कामा नये. ही दुसरी अट मला त्या अख्ख्या शास्त्रातली सगळ्यात खरी गोष्ट वाटते, कारण नकाशा बघितला की माणूस वाट बदलतो आणि वाट बदलली की नकाशा खोटा ठरतो. आमच्या गल्लीत नेमकं हेच झालं.

खऱ्या जगातलं एक उदाहरण सांगतो. १९०६ साली इंग्लंडात प्लिमथच्या जनावरांच्या प्रदर्शनात एक स्पर्धा होती, समोर बैल, तो कापून साफ केल्यावर मांस किती भरेल ते सांगा. सहा पेन्सचं तिकीट, त्यावर आपला आकडा लिहायचा. फ्रान्सिस गाल्टन या इंग्रज संख्याशास्त्रज्ञाने नंतर ती तिकिटं मिळवली, वाचता येण्यासारखी ७८७ निघाली. चढत्या क्रमाने लावल्यावर बरोबर मधला आकडा आला १२०७ पौंड, आणि खरं वजन होतं ११९८! का जमलं? कारण प्रत्येकाने आपापला आकडा लिहून टाकला, शेजाऱ्याचं तिकीट बघून नाही. तिथे एक मोठा बोर्ड लावून 'आत्तापर्यंतचा अंदाज' लिहीत बसले असते तर सगळे त्या बोर्डाच्याच आसपास घुटमळले असते, असं मला अगदी मनापासून वाटतं. निवडणुकीचे अंदाज टीव्हीवर येतात तेव्हाही मला तो बोर्डच दिसतो.

असिमोव्हच्या कथेत हे गणित शेवटी मोडतं, म्यूल नावाचा एकच माणूस येतो, लोकांच्या भावना बदलू शकणारा, आणि सेल्डनची योजना, म्हणजे साम्राज्य कोसळल्यावर जग पुन्हा सावरावं म्हणून त्याने या गणितावर आखलेला मार्ग, उधळून लावतो. योजना मोड असं कॅम्पबेलनेच सांगितलं होतं, असिमोव्ह आधी तयारच नव्हता. पण मग सेल्डनचे वारसदार काय करतात, तर लपून बसतात, नकाशा आपल्याकडे ठेवतात आणि लोकांना न सांगता योजना परत रुळावर आणतात. कथा म्हणून भारी आहे, पण मला हे पटत नाही, कधीच पटलं नाही. माणसांच्या मनाचा नकाशा काढायचा आणि त्यांच्यापासूनच लपवायचा? बिघडला तर बिघडू दे की, बघतील आणि परत मार्ग काढतील.

त्या दिवशी गल्लीत मोबाईल काहीच सांगत नव्हता. शेवटी कोपऱ्यावरचा इस्त्रीवाला दुकानातून बाहेर आला, टेम्पोच्या बोनेटवर दोन थापा मारल्या, आणि हात दाखवत सगळ्यात मागच्यापासून एकेकाला रिव्हर्स घ्यायला लावलं. माझा नंबर सातवा होता.