बीटल्सच्या गाण्यातला एका मिनिटावरचा जोड

हेडफोन लावा आणि दुसऱ्या टॅबमध्ये बीटल्सचं 'स्ट्रॉबेरी फील्ड्स फॉरेव्हर' सुरू करा. मी इथे वाजवलं तर कॉपीराइटवाले व्हिडिओच उडवतील!

बरोबर एका मिनिटाच्या आसपास कान द्या. जॉन लेननचा आवाज एकदम जडावतो, अर्धवट झोपेत गातोय असा. असं भ्रमात नेणारं, म्हणजे सायकेडेलिक संगीत म्हटलं की लोक लगेच नशेकडे बोट दाखवतात. इथे काम कात्रीचं आहे.

लेननने हे गाणं रचलं स्पेनमध्ये, सिनेमाच्या शूटिंगवर असताना. नाव मात्र लिव्हरपूलच्या एका बालगृहाचं, तिथल्या आवारात तो लहानपणी खेळायचा. नोव्हेंबर १९६६ मध्ये लंडनच्या ॲबी रोडवर रेकॉर्डिंग सुरू झालं. सातवा टेक, म्हणजे सातव्या खेपेचं रेकॉर्डिंग, हळुवार, छान जमला. तरी लेननचं समाधान होईना. मग निर्माते जॉर्ज मार्टिन यांनी ट्रम्पेट आणि चेलो लिहिले, जोरकस सव्विसावा टेक तयार झाला. आणि लेननसाहेबांना दोन्ही आवडले! पहिल्याची सुरुवात घ्या, दुसऱ्याचा शेवट घ्या, जोडा.

आता दोन्हींची पट्टी वेगळी, लयही वेगळी. आज हे दोन्ही आपण सॉफ्टवेअरमध्ये वेगवेगळं बदलतो. टेपला ती सोय नाही. हळू फिरवली की लय उतरते आणि सोबत सूरही उतरतो. नशीब बघा, सव्विसावा टेक जलद होता आणि सुरातही वर होता. जलद असून सुरात खाली असता, तर सगळं मुसळ केरात. मार्टिन आणि इंजिनिअर जेफ एमरिक यांनी पहिली टेप किंचित पळवली, दुसरी मंदावली, कापली, चिकटवली. लेननचा आवाज जडावतो तो त्या मंदावलेल्या टेपमुळे.

थांबा, बंद करू नका. जोडानंतर थोड्या वेळात तारांची एक सर वरून खाली घरंगळते. हार्प नाही, स्वरमंडल आहे ते! किशोरीताई मैफलीत मांडीवर घेऊन बसायच्या, तेच. वाजवलंय बीटल्सच्याच जॉर्ज हॅरिसनने. त्याच वर्षी सप्टेंबरात तो मुंबईत रविशंकरांकडे सतार शिकायला आला होता. त्या काळात इंग्लंडमधल्या कितीतरी गाण्यांत सतार नुसती फोडणीला टाकलेली असायची. मला विचाराल तर ही एक सर त्या सगळ्यांपेक्षा सरस.

फेब्रुवारी १९६७ मध्ये हे 'पेनी लेन'सोबत एकाच सिंगलवर आलं. ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत दुसऱ्या नंबरावर अडकलं, कारण वर एंगलबर्ट हम्परडिंकचं 'रिलीज मी' ठाण मांडून होतं. तेही ऐका, आणि त्या श्रोत्यांबद्दल काय वाटतं ते कमेंटमध्ये लिहा. शिव्या नकोत.