पिल्लं वाहून गेलीच नसती तर?

नमस्कार मंडळी. वडे गार व्हायच्या आत थांबायचं, अशी अध्यक्षांची तंबी आहे. माझी भाषणं त्यांना ठाऊक आहेत.

मघाशी वर मुलांना डिस्नेचे दोन जुने लघुपट दाखवले. दोन्हींचं नाव एकच, 'द अग्ली डकलिंग'. पहिला १९३१चा, कृष्णधवल. कोंबडीच्या अंड्यांतून एक बदकाचं पिल्लू निघतं, त्याला कुणी जवळ करत नाही. मग वादळ येतं, कोंबडीची पिल्लं धबधब्याकडे वाहत जातात, बदक पोहत जाऊन त्यांना वाचवतं आणि कोंबडी त्याला जवळ घेते. आपण मोठ्यांनी टाळ्या वाजवल्या. पुढच्या रांगेतल्या एका मुलीने विचारलं, "आणि पिल्लं वाहून गेलीच नसती तर?"

दुसरा १९३९चा, रंगीत, ऑस्कर मिळवलेला. काम फार किचकट. पारदर्शक सेलवर, म्हणजे सेल्युलॉइडच्या पातळ कागदावर, रंगवलेली प्रत्येक चौकट लाल, हिरव्या, निळ्या फिल्टरमधून तीनदा टिपायची. सेकंदाला २४ चौकटी, म्हणजे ७२ छायाचित्रं. सेल एकावर एक ठेवले की खालचे रंग काळवंडतात. म्हणून एखादं पात्र निघून गेलं, तरी त्याच्या जागी कोरा सेल ठेवायचा, नाहीतर उरलेल्यांचा रंग मध्येच उजळतो. (आपण निघून आलो तरी गावाकडे रिकामी ठेवलेली आपली खोली आठवली ना?)

गदिमांच्या 'एका तळ्यात होती' गाण्यातलं पाणी राजहंसाला खरं सांगतं. या लघुपटातलं पाणी खोटं बोलतं: तरंगांनी प्रतिबिंब वेडंवाकडं होतं आणि पिल्लू स्वतःलाच घाबरतं. पाण्यावरच्या लाकडी बदकाला बिलगायला जातं, तर त्याची चोच डोक्यात बसते. शेवटी हंस भेटतात. ते काहीही न विचारता त्याला आपल्यात घेतात; पण तेही हंसाचंच पिल्लू म्हणून.

म्हणजे एकात उपयोगी पडलात तर आपले, दुसऱ्यात जातीचे निघालात तर आपले. आपलं मंडळ दोन्ही चालवतं. नवं कुटुंब दारात आलं की "मूळ गाव कुठलं?" आणि लगेच "ढोल येतो का? दीडशे माणसांचा मसालेभात जमेल?" बिचाऱ्यांना पायातले जोडे तरी काढू द्या!

त्या मुलीला मी म्हटलं, वडे आलेत, चल. तिने वडा घेतला, पण प्रश्न सोडला नाही.

आपल्या सभासद फॉर्मवर नाव आणि फोननंतर तिसराच रकाना आहे: मंडळासाठी आपण काय करू शकाल? तो काढायचा का, हे कार्यकारिणीने ठरवावं. काढला तर गणपतीत खुर्च्या कोण उचलणार, तेही.