यादी लागली की आधी आपलं नाव बघा

नमस्कार श्रोतेहो. आज बोलायचंय सेवाज्येष्ठतेवर, म्हणजे आपण ऑफिसात जिला सिनिऑरिटी म्हणतो तिच्यावर. घरात कोणी सरकारी नोकरीत असेल तर 1 जानेवारीची यादी, हरकत, मॅट हे शब्द जेवताना कानावर पडलेलेच असतात. बाकीच्यांसाठी एका ओळीत सांगतो, 1 जानेवारीची यादी म्हणजे त्या तारखेची ज्येष्ठता यादी, हरकत म्हणजे त्या यादीवरचा लेखी आक्षेप, आणि मॅट म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, जिथे सरकारी नोकरांचे नोकरीचे वाद चालतात.

नियम एवढाच लक्षात ठेवा. एका बॅचमध्ये निवडलेल्यांची ज्येष्ठता मेरिटने लागते, आधी कोण रुजू झालं त्यावर नाही. पुन्हा सांगतो, मेरिटने. पण महाराष्ट्र सरकारच्या 1982 च्या ज्येष्ठता नियमांत एक अट होती, ऑर्डर निघाल्यापासून 30 दिवसांत हजर व्हायचं, नाहीतर मुदत वाढवून घ्यायची.

आमच्याकडे एकाच ऑर्डरवर दोघं आले, एक मेरिटला सहावा, एक सातवा, नावं नको, सहावा-सातवाच म्हणू. सातवा चौथ्या दिवशी हजर. सहाव्याच्या आईचं ऑपरेशन निघालं, तो आला 34 व्या दिवशी, पण त्याने आधीच अर्ज देऊन मुदत मागितली होती आणि ती मंजूरही झाली होती. पुढे एकवीस वर्षं दोघं एका टेबलावर जेवले, सहाव्याची भाकरी, सातव्याची शेंगदाण्याची चटणी, आणि प्रत्येक यादीत सहावा वर. बाविसाव्या वर्षी यादी करणाऱ्याने सेवापुस्तक उघडलं, रुजू तारीख बघितली, पुढे म.नं., म्हणजे मध्यान्हानंतर, लिहिलेलं, मुदतवाढीचं पत्र कुठेच नाही, झालं, सातवा वर गेला. प्रमोशनची जागा एकच होती, ती सातव्याला मिळाली आणि सहावा मॅटमध्ये गेला. त्या दिवसापासून डबे वेगळे झाले. सहावा खिडकीकडे तोंड करून एकटा जेवायचा, ते बघवत नव्हतं हो, कारण दोघांपैकी कोणाचीच चूक नव्हती.

मी तेव्हा रेकॉर्ड रूमला होतो. तीन दिवस शोधलं, पत्राची कॉपी नाही म्हणजे नाही. चौथ्या दिवशी तळाच्या रॅकवर लाल रुमालात बांधलेली जावक नोंदवही, म्हणजे ऑफिसातून बाहेर गेलेल्या पत्रांची वही, सापडली, वाळवीने कोपरा खाल्लेला, पण ती ओळ शाबूत होती, निळ्या शाईत, जावक नंबर, तारीख आणि पुढे 'मुदतवाढ मंजूर'. आता इथे एक बोलतोच, हल्ली कागद स्कॅन करतात आणि नोंदवह्या रद्दीत घालतात, हे फार वाईट आहे, आणि रेकॉर्ड किपरची जागा वर्षानुवर्षं रिकामी ठेवतात ते तर त्याहून वाईट, ती जागा सगळ्यात आधी भरायला पाहिजे.

असो. निकाल सहाव्याच्या बाजूने लागला, पण पाच वर्षांनी, तोवर तो रिटायर झालेला. मानीव दिनांक मिळाला, म्हणजे प्रमोशन आधीच्या तारखेपासून झालं असं धरलं, पेन्शन नव्याने बसली. त्या ऑर्डरची कॉपी घेऊन त्याच्या घरी कोण गेलं माहितीये? सातवा. सोबत चटणीचा डबा.

ही केस टिकली कशामुळे, तर यादी लागल्याच्या पाचव्या दिवशी सहाव्याने लेखी हरकत देऊन पोच घेतली होती. उशिरा आलेल्याला कोर्ट सहसा उभं करत नाही, 2010 मध्ये ओरिसाच्या एका केसमध्ये सुप्रीम कोर्टाने ज्येष्ठतेला आव्हान द्यायला तीन-चार वर्षं ही वाजवी मुदत धरली. थेट भरतीवाले आणि प्रमोशनवाले यांचं भांडण वेगळं, त्यावर आपल्याच महाराष्ट्रातल्या इंजिनिअरांच्या केसमध्ये 1990 साली पाच जजेसनी सांगितलं की नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीपासून, कायम केल्यापासून नाही. नेमणुकीपासून, बरं का. तात्पुरती, नियम सोडून झालेली नेमणूक मात्र धरत नाहीत.

तेव्हा प्रारूप, म्हणजे कच्ची, यादी लागली की हरकतीची शेवटची तारीख लिहून घ्या, अर्ज दोन प्रतीत द्या, आपल्या प्रतीवर आवकचा शिक्का मारून घ्या, आणि सेवापुस्तक एकदा स्वतः उघडून बघा, मुदतवाढीचं पत्र आत चिकटवलंय का ते.