खयचो, कोणाचो

(मंडळाच्या मेळाव्यातील भाषण, संकेतस्थळासाठी थोडे संपादित)

नमस्कार मंडळी.

मला 'नावांचे अर्थ' असा विषय आणि पंधरा मिनिटं मिळाली आहेत. मागून वड्यांचा वास येतोय, तेव्हा दहाच घेतो.

माझं लहानपण मालवणच्या किनाऱ्यावर गेलं. तिकडे अनोळखी पोराला आधी नाव विचारत नसत. पहिला प्रश्न, "खयचो रे तू?", म्हणजे कुठला; दुसरा, "कोणाचो झील?", म्हणजे कोणाचा मुलगा. एवढं कळलं की नावावाचून कुणाचं अडत नसे. इथे इंग्लंडला येऊन पहिला फॉर्म भरला तेव्हा लक्षात आलं, आपलं लांबलचक नाव हे याच प्रश्नांचं उत्तर आहे. मधलं वडिलांचं नाव म्हणजे कोणाचो, आडनाव म्हणजे खयचो. खिडकीतल्या बाईंनी मात्र वडिलांचं नाव हेच माझं नाव ठरवलं आणि पुढे कित्येक महिने माझी पत्रं बाबांच्या नावाने येत राहिली. बाबा खूश होते.

आइसलँडमधले बहुतेक लोक फक्त 'कोणाचो' सांगतात. तिथे 'सॉन' म्हणजे मुलगा, 'डोत्तिर' म्हणजे मुलगी. त्यामुळे सख्ख्या भावाबहिणीचं शेवटचं नाव वेगळं असतं.

आपला 'कर' मात्र गमतीचा आहे. आचऱ्यात राहून कुणाला आचरेकर म्हणून काय ओळखणार? तिथे सगळेच आचऱ्याचे. गाव सुटलं की गाव नावाला चिकटतं. (अपवाद असतील; ते वडे खाताना सांगा.)

हा 'कर' फक्त हिंदूंचा नाही. रायगडच्या किनाऱ्यावरचे बेने इस्रायल ज्यू घ्या. त्यांचे पूर्वज अलिबागजवळ नवगावला गलबत फुटून किनाऱ्याला लागले, अशी त्यांची परंपरा सांगते. ते तेलाचे घाणे चालवायचे आणि शनिवारी काम बंद ठेवायचे, म्हणून लोक त्यांना शनिवार तेली म्हणू लागले. किहीममध्ये राहिले ते किहीमकर झाले, पेणमधले पेणकर. हिंदी चित्रपटांतले लाडके डेव्हिड आठवतात? त्यांचं पूर्ण नाव डेव्हिड अब्राहम चेऊलकर. चेऊल म्हणजे आपलं चौल.

आडनावं घेतली तशी त्यांनी पाळण्यातली नावंही मराठी जिभेवर बसवली. 1796 साली मुंबईत पहिलं सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ, बांधणारे सॅम्युअल इझिकेल दिवेकर लोकांच्या तोंडी समाजी हसाजी होते. अब्राहमचा आबाजी झाला. आबाजी! आमच्या वाडीत हाक मारली असती तर दोन म्हातारे उठून आले असते.

हे सांगतोय त्याला कारण आहे. इथल्या लोकांना म्हणता यावं म्हणून मुलांची दोन अक्षरी, गुळगुळीत नावं ठेवतात, त्याचा मला पूर्वी राग यायचा. समाजी हसाजी कळले आणि तो राग ओसरला. समुद्रापलीकडून येऊन आपल्या किनाऱ्यावर राहिलेल्यांनी जे केलं तेच आपण इथे करतोय. आता कुणाच्या नातवाने क्रॉयडनकर आडनाव लावलं तर बरं होईल, पण ते होणार नाही.

राहिला अर्थ. आमच्याकडे धोंडू, भिकू बरेच होते. आधीची मुलं गेलेली असली की पुढच्याला असं नाव द्यायचे. दगडाला कोण न्यायला येतंय? भिकू म्हणजे भीक मागून मिळालेला. पूर्व युरोपातल्या यिडिश बोलणाऱ्या ज्यूंमध्ये अशाच भीतीपोटी तान्ह्याला आल्टर, म्हणजे म्हातारा, म्हणायचे. मृत्यू लहान मूल शोधत आला तर चुकावा म्हणून.

आणि ऑफिसातला तुमचा पीटर? ग्रीकमध्ये त्याचा अर्थ दगडच. म्हणजे पीटर, आमचा धोंडू आणि खेड तालुक्यातल्या शेरवलीत जन्मलेले महर्षी धोंडो केशव कर्वे अर्थाने सख्खे भाऊ. पण पीटर हे नाव भक्कम खडक म्हणून आलं, आणि आमच्या वाडीतल्या धोंडूच्या मागे एका आईची धास्ती होती. शब्दकोश 'दगड' सांगून मोकळा होतो. मुलाने नावाचा अर्थ विचारला तर ते कुणी आणि का ठेवलं, तेही सांगा.

मागच्याच महिन्यात इथे एक बारसं झालं. आत्या मालवणात. मोबाईल बाळाच्या कानाशी धरला, आत्याने नाव घेऊन 'कुर्र' केलं आणि नेमकं नेटवर्क अडकलं. कुर्र तीनदा आलं, नाव एकदाही नाही. मग प्रश्न पडला, धपाटे कुणाच्या पाठीत घालायचे? शेवटी सगळ्यांनी मोबाईललाच घातले, आणि तिकडून आत्या ओरडली, "अरे, हळू!"