जात्यावर बसलं की

(जात्याची घरघर. पहिली ओवी पूर्ण होऊ द्यावी, मग निवेदन.)

दोघी समोरासमोर बसल्या आहेत. खुंट्यावर दोघींचे हात. मूठभर ज्वारी जात्याच्या तोंडात पडते, वरची तळी फिरू लागते आणि पहिली ओळ येते. समोरची बाई तीच ओळ उचलते. तोवर पहिलीला पुढची ओळ सुचलेली असते.

नुसतं ओसरीवर बसवून विचारलं तर या आजींना दोन-चारच ओव्या आठवतात. खुंटा हातात आला की थांबत नाहीत. जात्यावर बसलं की ओवी सुचते, ही म्हण इथे शब्दशः खरी आहे.

बाराव्या शतकात चालुक्य राजा सोमेश्वराने ‘मानसोल्लास’ लिहिला. महाराष्ट्रातल्या बायका कांडताना ओवी गातात, अशी नोंद त्यात आहे. ‘ज्ञानेश्वरी’ 1290 सालची, तीही ओवीतच. म्हणजे ओवी आधी बायकांच्या तोंडी होती, पोथीत नंतर आली. हा क्रम शाळेतच सांगायला हवा.

(हात, पीठ, पुन्हा हात.)

कागदावर ओवी दोन ओळींची. गाताना मात्र ‘गं बाई’ येतं, अर्धी ओळ परत फिरते. लिहून घेणारा ते गाळतो. पण गाणारी तेवढ्याच अवधीत पुढचं जुळवते, भावाचं नाव बदलते, सीतेच्या वनवासात स्वतःचा सासुरवास घालते. तिची प्रत्येक ओवी अस्सल, पाठभेद फक्त लिहिणाऱ्याला दिसतात.

समाज-अभ्यासक हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ यांनी पुण्याहून ओव्या गोळा करायचं काम हाती घेतलं. कार्यकर्त्या गावोगाव बायकांजवळ बसल्या, ओव्या उतरवून घेतल्या. लाखाहून जास्त जमल्या. माहेर, विठ्ठल, लेकीचं लग्न. माजलगावच्या बायकांनी बाबासाहेबांवर गायलेल्या ओव्याही त्यात आहेत. लिहिता न येणाऱ्या बायकांनी आपल्या काळाचा इतिहास असा राखला. 1990च्या दशकात संगीत-अभ्यासक बर्नार्ड बेल यांच्यामुळे आवाजही ध्वनिमुद्रित झाले, आणि मला हेच सगळ्यांत मोलाचं वाटतं, कारण ‘गं बाई’ तिथे शाबूत आहे.

गावात गिरणी आली. पहाटेचं दळण थांबलं, मुलींपर्यंत ओव्या पोचल्या नाहीत.

2017 पासून हा ठेवा ‘परी’ (पीपल्स आर्काइव्ह ऑफ रुरल इंडिया) या संकेतस्थळावर येतो आहे. तिथे ओव्यांसोबत गाणारणीचं नाव आणि गावही दिलेलं असतं.

(मूळ आवाज. निवेदन नाही.)