धुऱ्यावरची शिष्टाई
(नागपुरात दिलेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

मित्रहो, विषय मुत्सद्देगिरीचा आहे, पण मी सुरुवात वावराच्या धुऱ्यापासून, म्हणजे शेताच्या बांधापासून करणार आहे. माझी उभी वकिली दिवाणी दाव्यांत गेली. ज्याचं तोंड पाहायची इच्छा नाही त्याच्याशी बोलायचं कसं, हे मी पक्षकारांकडून शिकलो.

काटोलकडचे दोन सख्खे भाऊ. गाव सांगत नाही, आणि एवढंही त्या दोघांच्या संमतीनं सांगतो आहे. दोन वावरांच्या मधे धुरा, धुऱ्याला लागून संत्र्याची एक रांग. धाकट्याचं म्हणणं, थोरल्यानं धुरा दीड हात सरकवला. अकरा वर्षं दावा चालला. सरकारी मोजणी दोनदा झाली, दोन्ही वेळा हरकत आली. त्या दीड हाताची किंमत केव्हाच तारखांच्या येण्याजाण्यात संपून गेली होती. शेवटी प्रकरण मध्यस्थीकडे आलं आणि मी मध्यस्थ म्हणून बसलो.

पहिल्या बैठकीत दोघं भिंतीकडे पाहत होते. दुसऱ्या वेळी मी धाकट्याला एकट्याला बसवलं, चहा मागवला, कागद बाजूला ठेवले. बराच वेळ तो धुऱ्याबद्दलच बोलला. मग एकदम म्हणाला, "साहेब, जमिनीचं जाऊ द्या जी. मायच्या तेरवीले यानं मले पत्रिका धाडली. सख्ख्या भावाले पत्रिका! पोस्टानं!"

अकरा वर्षांत ही गोष्ट ना दाव्यात आली होती, ना कैफियतीत.

मुत्सद्दी हा शब्द आपल्याकडे अरबी-फारसीतून आला. त्याला दरबाराचा, दप्तराचा वास आहे, आणि आता तर थोडा कावेबाजपणाचाही. मला आपला 'शिष्टाई' हा शब्द जवळचा वाटतो. कृष्णशिष्टाई म्हटलं की सगळं डोळ्यांसमोर येतं: हस्तिनापूरची सभा, पाच गावांची मागणी, दुर्योधनाचा नकार. ती शिष्टाई फसली, तरी तिचं नाव राहिलं. उद्योगपर्वात विदुर कृष्णाला विचारतो, कशाला आलास इथे? कृष्ण सांगतो, माणसानं शक्तीनुसार धर्मकार्याचा प्रयत्न केला आणि यश आलं नाही, तरी पुण्य मिळतंच. आणि समर्थ असूनही यानं थांबवलं नाही, असं लोकांनी म्हणू नये. यश येईल याची खात्री झाल्यावर बोलायला जाणारे पुष्कळ असतात. कृष्ण खात्री नसताना गेला.

आता आपल्या नागपूरकडे येतो. साडेतीन शहाण्यांची गोष्ट तुम्हाला ठाऊक आहे. सखारामबापू बोकील, निजामाकडचे विठ्ठल सुंदर आणि नागपूरकर भोसल्यांचे देवाजीपंत चोरघडे हे पूर्ण शहाणे, आणि नाना फडणीस अर्धे, कारण त्यांच्या हाती तलवार नव्हती. पुण्याच्या नानांना अर्धं माप आणि आपल्या देवाजीपंतांना पूर्ण, याचा नागपूरकरांना अभिमान आहे, मलाही आहे. पण मला आज त्याच्या आधीची गोष्ट सांगायची आहे, आणि ती अभिमानाची कमी, विचार करण्याची जास्त आहे.

पहिल्या रघूजी भोसल्यांनी बंगालवर स्वाऱ्या सुरू केल्या. त्यांचे सेनापती भास्करराम कोल्हटकर. त्या स्वाऱ्यांत बंगालच्या रयतेचे जे हाल झाले ते लपवून उपयोग नाही. तिकडच्या अंगाईत आजही 'बर्गी' येतात, आणि ते बर्गी म्हणजे आपली माणसं. सन 1744 मध्ये नवाब अलिवर्दीखानानं भास्कररामांना बोलणी करायला मानकरा या गावच्या छावणीत बोलावलं. ते गेले. तंबूत त्यांची आणि वीसहून अधिक सरदारांची कत्तल झाली.

यानंतर काय व्हायला हवं होतं? सूड, आणि सूडाचा सूड. काही वर्षं तेच झालं. रघूजी स्वतः चालून गेले, लढाया झाल्या, गावं जळाली. पण 1751 मध्ये तह झाला, आणि तो त्याच अलिवर्दीखानाशी! बंगालच्या चौथाईपोटी वर्षाला 12 लाख रुपये आणि ओडिशा भोसल्यांकडे. नवाब तेव्हा सत्तरी ओलांडलेला होता, दोन्हीकडची फौज थकली होती, तिजोऱ्या रिकाम्या होत होत्या. तहानंतर बंगालवरच्या त्या स्वाऱ्या थांबल्या. ओडिशा 1803 च्या देवगावच्या तहापर्यंत नागपूरकरांकडे राहिला.

मी अनेकदा विचार करतो, ज्याच्या तंबूत आपली माणसं मारली गेली, त्याच्याकडे पुन्हा वकील पाठवताना काय वाटलं असेल? माफी तर नक्कीच नव्हती. विश्वास तर मुळीच नव्हता. आपण घरोघरी म्हणतो, आधी विश्वास बसू दे, मग बोलू. पण विश्वास असेल तर शिष्टाई कशाला लागते? तिचं काम तिथेच सुरू होतं जिथे विश्वास संपलेला असतो.

म्हणून दूताच्या जिवाला जगात सगळीकडे जपलं गेलं. रावणासमोर बिभीषण सांगतो, दूत मारू नये. कौटिल्य तेच सांगतो. 1961 च्या व्हिएन्ना कराराच्या 29व्या कलमात राजदूताला अटक करता येत नाही हे लिहिलं आहे. मानकरा इथे जे झालं ते म्हणूनच एका सेनापतीच्या खुनापेक्षा मोठं पाप होतं. पुढची सात वर्षं दोन्हीकडच्या रयतेनं त्याची किंमत मोजली.

कौटिल्यानं दूत तीन प्रकारचे सांगितले आहेत. निसृष्टार्थ, म्हणजे ज्याला पूर्ण अधिकार दिलेत तो. परिमितार्थ, ठरलेल्या मर्यादेत बोलणारा. आणि शासनहर, नुसता निरोप्या. आपल्या घरच्या भांडणात आपण कोणाला पाठवतो? बहुतेक वेळा निरोप्याला, आणि तोही तिखटमीठ लावणारा. "दादा असं असं म्हणाला" हे वाक्य मी इतक्या घरांत आग लावताना पाहिलं आहे की मला त्याची धास्ती बसली आहे.

आणि गुप्तता. काही लोकांना ती लबाडी वाटते. 1962 च्या ऑक्टोबरात क्युबातल्या क्षेपणास्त्रांवरून जग अणुयुद्धाच्या उंबरठ्यावर होतं, तेव्हा 27 तारखेला अमेरिकी राष्ट्राध्यक्षांचे भाऊ रॉबर्ट केनेडी सोव्हिएत राजदूत डोब्रिनिन यांना भेटले. तुर्कस्तानातली अमेरिकेची क्षेपणास्त्रं काढून घेण्याचा शब्द तिथे दिला गेला, आणि तो बाहेर फुटू द्यायचा नाही असं ठरलं. चारचौघांत मागितला असता तर तो शब्द कोणालाच देता आला नसता. पुढच्या वर्षी ती क्षेपणास्त्रं निघाली.

दिलेला शब्द पुढे सांभाळावाही लागतो, आणि इथे आपल्या शहराची एक दुखरी जागा आहे. 28 सप्टेंबर 1953 चा नागपूर करार, विदर्भानं मराठी राज्यात यावं म्हणून झालेला. वर्षातून विधिमंडळाचं एक अधिवेशन इथे भरवायचं ठरलं, ते भरतं. पण सहीच्या वेळी टेबलाभोवती बसलेली माणसं गेली की राखणदारी कोणाची, याचं उत्तर पक्कं नसेल, तर पुढच्या पिढ्या 'अनुशेष', म्हणजे विकासाची राहून गेलेली बाकी, हा शब्द घोकत राहतात. वैदर्भीय माणसाला हे मी काय समजावून सांगणार?

तर ते दोघं भाऊ. तिसऱ्या बैठकीत थोरल्याला एकट्याला घेतलं. धाकटा काय बोलला हे मला सांगता येत नव्हतं, त्यानं परवानगी दिली नव्हती. मी एवढंच विचारलं, "माय गेली तेव्हा काय झालं?" तो कितीतरी वेळ गप्प. मग म्हणाला, "सांगाले गेलो होतो साहेब. दोनदा त्याच्या फाटकापर्यंत गेलो. हिंमत नाही झाली. मंग पोस्टात टाकली."

मी विचारलं, "हे त्याला सांगू?"

"तुम्ही नका सांगू," तो म्हणाला. "मी सांगतो."

मी दार लावून बाहेर व्हरांड्यात उभा राहिलो. आत काय बोलणं झालं ते मला ठाऊक नाही. पाऊण तासानं बोलावलं तेव्हा दोघांचे डोळे लाल होते. धुरा आहे तिथेच ठेवायला दहा मिनिटंसुद्धा लागली नाहीत. तडजोडीच्या पुरसीसमध्ये, म्हणजे कोर्टात द्यायच्या लेखी निवेदनात लिहिलं, धुऱ्यालगतच्या रांगेची संत्री एक वर्ष थोरल्यानं तोडायची, एक वर्ष धाकट्यानं. पहिलं वर्ष कोणाचं, यावर मात्र ते पुन्हा अडले. दोघंही म्हणत होते, तू घे.